खोडकर जिवांचं वाडगं

आज मी जनावरं पाळण्याविषयी बोलणार आहे. मात्र ही जनावरं कुठल्याही आठवडी बाजारात मिळणार नाहीत. त्यांना शिंगं नाहीत, खूर नाहीत. शेपटी असलीच तर एखाद्याला. जेलीच्या गोळ्यासारखी थुलथुलीत, रंगीबेरंगी आणि बहुतेक वेळ हसऱ्या तोंडाची. त्यांना स्लाइम म्हणतात आणि ती राहतात 'स्लाइम रँचर' नावाच्या व्हिडिओ गेममध्ये.

कविता लिहिणाऱ्या माणसाला या वयात हे काय सुचलं, असं कुणी विचारील. मला हा खेळ दाखवला माझ्या भाचीने. ती तेव्हा सातवीत होती. तिच्याविषयी पुढे सांगतो. आधी खेळ समजावून घेऊ.

कॅलिफोर्नियातल्या 'मोनोमी पार्क' या कंपनीने हा खेळ तयार केला. जानेवारी २०१६ मध्ये काम अर्धवट असतानाच तो लोकांना खेळायला दिला गेला, ऑगस्ट २०१७ मध्ये पूर्ण होऊन बाहेर आला आणि २०२२ मध्ये त्याचा दुसरा भागही खुला झाला. कथा साधी आहे. बिआट्रिक्स लेबो नावाची तरुणी पृथ्वीपासून हजार प्रकाशवर्षं दूर एका परक्या जगात येते. तिथे एक जुनं, ओस पडलेलं पशुपालन केंद्र ती चालवायला घेते. आधीचा मालक हॉब्सन निघून गेलेला आहे. त्याच्या चिठ्ठ्या मात्र रानात ठिकठिकाणी सापडतात. बिआट्रिक्सच्या हाती एकच अवजार असतं, व्हॅकपॅक. त्याने स्लाइम, फळं, कोंबड्या असं काहीही ओढून घ्यायचं आणि हवं तिथे फुंकून सोडायचं.

हिशेब असा : रानातून स्लाइम आणायचे, कुंपणाच्या वाडग्यात ठेवायचे, खाऊ घालायचं. खाल्लं की स्लाइम एक चकचकीत खडा टाकतो. त्याला म्हणतात प्लॉर्ट. हा खडा बाजारात विकायचा. आता हा खडा म्हणजे नेमकं काय, हे गोवऱ्या थापलेल्या घरातल्या माणसाला वेगळं सांगायला नको. आवडीचं खाणं दिलं तर खडे दुप्पट मिळतात. बाजाराचे भावही स्थिर नसतात. एकाच जातीचे खडे भरमसाट नेऊन ओतले की त्यांचा भाव कोसळतो आणि काही दिवस थांबल्यावर पुन्हा चढतो. कांदा पिकवणाऱ्या आपल्या शेतकऱ्याला हे धडे कुठल्याही खेळाने शिकवायची गरज नाही.

इथपर्यंत सगळं सोपं आहे. गुलाबी स्लाइम काहीही खातो आणि जिथे ठेवाल तिथे राहतो. खरी परीक्षा पुढच्यांची.

फॉस्फर नावाचा स्लाइम काजव्यासारखा चमकतो. त्याला छोटे पंख असतात आणि तो रात्रीचाच हिंडतो. दिवसाच्या उन्हात ठेवला तर सकाळी वाडगं रिकामं. त्याच्या डोक्यावर ऊन अडवणारं छत घालावं लागतं, नाहीतर त्याला गुहेत तरी ठेवावं लागतं. टॅबी हा मांजरासारखा, कान-शेपटीवाला; दुसऱ्याच्या पुढ्यातलं खाणं पळवण्यात वस्ताद. बूम मधूनमधून फुटतो. मरत नाही, क्षणभर गरगरल्यासारखा बसतो आणि पुन्हा हसू लागतो. पण जवळ उभं राहिलात तर दणका तुम्हाला बसतो. रॅड किरणोत्सर्गी आहे, त्याच्यापाशी फार वेळ रेंगाळायचं नाही.

पडल स्लाइम पाण्याचा. त्याला खायला काही लागत नाही, फक्त तळं लागतं. पण तो स्वभावाने लाजाळू. एका तळ्यात चारांपेक्षा जास्त जण झाले की लाजून खडे देणंच बंद करतो. त्याच्या उलट फायर स्लाइम. तो राखेतच जगतो. त्याच्यासाठी भट्टी लावायची, तिच्यात खाणं जाळून राख करायची. ती राख हेच त्याचं अन्न. साध्या वाडग्यात ठेवलात तर थोड्याच वेळात विझून जातो.

आणि सगळ्यांत बेरकी तो क्वांटम. तो आपल्या अवतीभवती स्वतःच्या भासमूर्ती निर्माण करतो. भूक लागली, जीव कावला की त्यांतल्या एका मूर्तीची जागा घेतो. मूर्ती कुंपणाबाहेर असेल तर स्वारीही बाहेर. भिंती कितीही उंच करा, उपयोग नाही. दोनच उपाय : पाणी मारून त्या भासमूर्ती पुसून टाकायच्या, आणि त्याला वेळेवर खाऊ घालायचं. पोट भरलेलं असलं की तो पळायच्या फंदात फारसा पडत नाही.

सोनेरी स्लाइमला तर पाळताच येत नाही. दिसला की पळतो. लांबून एखादं फळ अचूक फेकून मारलं तर सोन्याचा खडा टाकून जातो. तेवढ्यावर समाधान मानायचं.

आता धोक्याची गोष्ट. एका जातीच्या स्लाइमने दुसऱ्या जातीचा खडा खाल्ला की त्याचा लार्गो होतो : आकाराने थोराड, दोघांचे गुण अंगात, दोघांचं खाणं खाणारा आणि एका घासाला दोन्ही जातींचे खडे देणारा. फायदा डोळ्यांत भरणारा. पण त्याच लार्गोने तिसऱ्या जातीचा खडा गिळला की तो टार होतो. काळाकुट्ट, अंगावर तेलाच्या तवंगासारखे रंग, आणि दिसेल त्या स्लाइमला खात सुटणारा. शेजारच्या वाडग्यातून घरंगळत आलेला एक खडासुद्धा त्याला पुरतो. पाण्याचा मारा केला तर टार विरघळतो, पण तोवर निम्मं वाडगं फस्त झालेलं असतं. म्हणून जाणते खेळाडू खडे वेळच्या वेळी गोळा करतात आणि भिन्न जातींची वाडगी लांब लांब ठेवतात.

आता माझ्या भाचीविषयी. पोर हुशार, पण एका जागी बसेना. तासाला मध्येच उठे, प्रश्न विचारून बाईंना हैराण करी. शाळेने बहिणीला बोलावून घेतलं आणि ही मुलगी वर्गात ठेवण्यासारखी नाही, असं तोंडावर सांगितलं. त्यानंतर ती घरातही गप्प गप्प राहू लागली. त्या दिवसांत ती हा खेळ खेळायची आणि मी शेजारी बसून बघायचो. एकदा फॉस्फर नाहीसे झाले तेव्हा मी म्हटलं, "फारच नाठाळ दिसतात हे." ती पडद्यावरची नजर न काढता म्हणाली, "नाठाळ नाहीत, मामू. त्यांना ऊन सोसत नाही. छत घालायचं राहिलंय."

मी काही बोललो नाही. रात्री बहिणीला मात्र ते वाक्य जसंच्या तसं सांगितलं. तिने ते पुढल्या शाळेच्या बाईंना सांगितलं. त्या बाईंनी पोरीला दर तासाला वह्या गोळा करायचं, फळा पुसायचं काम दिलं. उठायला कारण मिळालं. आता ती अकरावीत आहे. अजून एका जागी बसत नाही.

खेळाचं कौतुक करताना खऱ्या जनावरांची आठवण ठेवली पाहिजे. आमच्या अम्मीने आयुष्यभर कोंबड्या पाळल्या. मानमोडीची साथ आली की दोन दिवसांत खुराडं रिकामं व्हायचं, आणि अम्मी आठवडाभर त्या कोपऱ्याकडे बघायची नाही. खेळात साथ नाही, घाण नाही, औषधाचा खर्च नाही. झोपलं की लगेच सकाळ होते. शिवाय तिथे आपण स्लाइमवर माया करतो की त्याच्या खड्यावर, हा प्रश्न उरतोच. मांसाहारी स्लाइमपुढे कोंबडी टाकताना आमच्या भाचीचा हात नेहमी थबकायचा. ती गाजरं खाणारे स्लाइम वाढवायची, भाव कमी मिळाला तरी.

तेव्हा आई-वडिलांना माझं एवढंच सांगणं आहे. मूल पडद्यासमोर बसलेलं दिसलं की वेळ मोजावा, जरूर मोजावा. पण त्याआधी दहा मिनिटं शेजारी बसून ते काय पाळतंय हे बघावं, आणि कुठला जीव कशाने बिथरतो हे त्यालाच विचारावं. मुलं याची उत्तरं फार नेमकी देतात.