ऱ्होडोडेंड्रॉनची बागेतील लागवड

ऱ्होडोडेंड्रॉन ही एरिकेसी कुलातील सपुष्प वनस्पतींची मोठी प्रजाती असून तिच्यात सुमारे १,००० जातींचा समावेश होतो. कार्ल लिनिअस याने १७५३ मध्ये दिलेले हे नाव ग्रीक भाषेतील ‘ऱ्होडॉन’ (गुलाब) व ‘डेंड्रॉन’ (वृक्ष) या शब्दांपासून बनले आहे. अझेलिया या नावाने विकली जाणारी झुडपेही याच प्रजातीत मोडतात. ऱ्होडोडेंड्रॉन आर्बोरियम या जातीस गढवाल-कुमाऊँमध्ये बुरांश आणि नेपाळमध्ये लालीगुरांस म्हणतात; ते उत्तराखंडाचे राज्यवृक्ष आणि नेपाळचे राष्ट्रीय पुष्प आहे. जोसेफ डाल्टन हुकर याने सिक्कीममधील जातींवर लिहिलेला सचित्र ग्रंथ १८४९ ते १८५१ या काळात प्रसिद्ध झाला आणि त्यानंतर इंग्लंडमधील बागांत या झुडपांची लागवड झपाट्याने वाढली.

बागेत लावलेली ऱ्होडोडेंड्रॉन थंडीने वा किडीने मरतात त्यापेक्षा अधिक वेळा ती पाण्यामुळे मरतात. यात पाणी कमी पडणे, साचणे आणि अयोग्य प्रकारचे पाणी मिळणे या तिन्ही गोष्टी येतात.

मुळांची रचना

या झुडपास खोल जाणारे सोटमूळ नसते. केसांसारख्या बारीक मुळांचे दाट जाळे जमिनीच्या वरच्या थरातच पसरते. या मुळांवर मूलरोम नसतात; त्यांचे काम मुळांत वस्ती करणारी विशिष्ट कवके करतात. निसर्गात ही मुळे कुजलेल्या पाल्याच्या ओलसर, भुसभुशीत थरात वाढतात. वरचा थर वाळला की झाडाला खालच्या ओलाव्याचा आधार मिळत नाही आणि तो थर चिखल झाला की मुळे गुदमरतात. त्यामुळे झाडाभोवती खुरपणी करू नये. तण हातानेच उपटावे.

जमीन

मातीचा सामू ४.५ ते ६ असावा. चुनखडीयुक्त जमिनीत लोह असूनही ते मुळांना शोषता येत नाही. कोवळी पाने पिवळी पडतात आणि शिरा तेवढ्या हिरव्या राहतात. दख्खनच्या पठारावरील काळी माती विम्लधर्मी आणि चिकट असल्याने या झाडास दोन्ही अंगांनी प्रतिकूल आहे. कोकणातील जांभा मृदा आम्लधर्मी असली तरी तेथील उष्ण हवा हिमालयीन जातींना मानवत नाही. महाराष्ट्रात ऱ्होडोडेंड्रॉन नैसर्गिकरीत्या आढळत नाही. दक्षिणेकडील त्याचे ठिकाण म्हणजे निलगिरी, पळणी व अण्णामलई येथील उंच डोंगर. सपाटीवरच्या हौशी बागकाराने हिमालयातून रोप आणण्यापेक्षा कुंडीतील अझेलियावर समाधान मानणे श्रेयस्कर ठरते. (‘इंडियन अझेलिया’ या व्यापारी नावाचा भारताशी संबंध नाही, ती मूळची पूर्व आशियातील असून तिचे अनेक वाण बेल्जियममध्ये तयार झाले.)

जमिनीत गंधक मिसळल्यास जिवाणूंच्या क्रियेने आम्लता वाढते, परंतु यास काही महिने लागतात आणि चुनखडी भरपूर असल्यास परिणाम टिकत नाही. अशा जागी उंच वाफा करून त्यात पानांचे कुजलेले खत, पाइनच्या सालीचा चुरा आणि जाड वाळू यांचे मिश्रण भरतात. जर्मनीत चुना काही प्रमाणात सहन करणारा ‘इनकार्हो’ हा कलमखुंटही विकसित करण्यात आला आहे.

घरोघरी झाडांना घातली जाणारी चुलीतील राख, अंड्यांची टरफले आणि हाडांचा चुरा येथे अपायकारक ठरतात, कारण तिन्ही गोष्टींत कॅल्शियम असते. नव्या सिमेंटच्या भिंतीलगतही झाड लावू नये. पावसाबरोबर भिंतीतील चुना मातीत उतरतो.

लागवड

लागवडीपूर्वी सुमारे ३० सेंमी खोल खड्डा पाण्याने भरून पाहावा. काही तासांतही पाणी जिरले नाही, तर ती जागा सोडावी किंवा वाफा उंच करावा. सकाळचे ऊन व दुपारची सावली मिळेल अशी जागा उत्तम. रोपाच्या मुळांचा गड्डा जमिनीच्या पातळीपेक्षा किंचित वर राहील असे रोप लावावे. आंबा-पेरूप्रमाणे खोल खड्ड्यात लावून भोवती खोलगट आळे करण्याची सवय येथे घातक ठरते. वर पाइनच्या सुया किंवा पाल्याचे ५ ते ८ सेंमी जाडीचे आच्छादन घालावे, मात्र ते खोडाला टेकू देऊ नये.

पाणी देणे

रोपवाटिकेतील रोपांचा गड्डा बहुधा पीट किंवा कोकोपीटचा असतो. पीट पूर्ण वाळल्यावर पाणी शोषत नाही. झारीने घातलेले पाणी त्याच्या कडेने निसटून जाते, भोवतालची माती ओली दिसते आणि आतील मुळे कोरडीच राहतात. म्हणून पहिली एक-दोन वर्षे पाणी थेट खोडाभोवतीच्या गड्ड्यावर हळूहळू द्यावे. कुंडीतील गड्डा वाळल्यास कुंडी पाण्याच्या बादलीत बुडबुडे थांबेपर्यंत ठेवतात.

वाढीच्या काळात पाऊस नसल्यास आठवड्याला सुमारे २.५ सेंमी पावसाइतके पाणी पुरेसे होते, परंतु वेळापत्रकापेक्षा बोटाने केलेली परीक्षा अधिक विश्वसनीय असते: ५ सेंमी खोलीवर माती कोरडी लागली तरच पाणी द्यावे. सिमला किंवा दार्जिलिंगसारख्या ठिकाणी पावसाळ्यापूर्वीच्या कोरड्या महिन्यांत सर्वाधिक लक्ष द्यावे लागते, कारण फुलोरा आणि नवी पालवी याच काळात येतात. फुले संपल्यावर हेळसांड करणे ही नेहमीची चूक आहे. पुढील वर्षाच्या कळ्या त्यानंतरच्या काही महिन्यांत धरतात. तेव्हा झाड तहानलेले राहिले तर त्याचा परिणाम पुढच्या वसंतात दिसतो आणि कारण कोणाच्या ध्यानात येत नाही.

विहिरीचे किंवा विंधनविहिरीचे जड पाणी प्रत्येक वेळी मातीत थोडा चुना सोडते. छपरावरून साठवलेले पावसाचे पाणी सर्वोत्तम. ते नव्या सिमेंटच्या टाकीपेक्षा प्लास्टिकच्या पिंपात साठवावे.

कोमेजण्याची दोन कारणे

तहानलेल्या झाडाची पाने खाली झुकतात व गुंडाळतात, आणि पाणी मिळताच पूर्ववत होतात. मुळे कुजलेल्या झाडाची पानेही तशीच झुकतात. फायटोप्थोरा या कवकसदृश सूक्ष्मजीवाने मुळे सडली की माती ओली असूनही पाणी वर चढत नाही. झाड सुकते आहे असे समजून मालक आणखी पाणी घालतो आणि उरलीसुरली मुळेही जातात. त्यामुळे पाणी देण्याआधी माती चाचपून पाहणे आवश्यक असते. माती ओली असेल आणि पाने संध्याकाळीही उभारी धरत नसतील, तर बुंध्याजवळची साल किंचित खरवडून पाहावी. आत तांबूस-तपकिरी रंग दिसल्यास झाड बहुधा वाचत नाही. ते मुळांसकट काढावे आणि त्याच जागी पुन्हा ऱ्होडोडेंड्रॉन लावू नये. कडक थंडीतही पाने गुंडाळतात, पण ऊब येताच ती उलगडतात. हा रोग नव्हे.

विषारीपणा

अनेक जातींच्या पानांत व मकरंदात ग्रेयानोटॉक्सिन हे विष असते. शेळ्या-मेंढ्यांना पाने खाऊन विषबाधा होते, त्यामुळे छाटलेल्या फांद्या त्यांच्या वाटेत टाकू नयेत. काळ्या समुद्राच्या किनारी इ.स.पू. ४०० च्या सुमारास मध खाऊन ग्रीक सैनिक आजारी पडल्याचे झेनोफोनने नोंदवले असून तो मध ऱ्होडोडेंड्रॉनचा असावा असे मानले जाते. उत्तराखंडात बुरांशाच्या पाकळ्यांचे सरबत करतात. परंतु त्यावरून बागेतील इतर जातींची फुले खाण्याजोगी समजू नयेत.