एक टेबल, चार इयत्ता

तिसरीतल्या मुलाचे पाढे, सहावीतल्या मुलीचा भूगोल, आणि पायात लुडबुडणारं तीन वर्षांचं शेंडेफळ. हे सगळं एकाच आईनं, एकाच टेबलाशी, एकाच वेळी सांभाळायचं! २०२० मध्ये शाळा बंद झाल्या तेव्हा आपण सगळ्याजणींनी ही कसरत करून पाहिली. घरात मोबाइल एक, मुलं दोन-तीन, आणि गॅसवर कुकर. शाळा सुरू झाल्यावर आपण हुश्श केलं.

पण मैत्रिणींनो, अमेरिकेत कितीतरी आया हीच कसरत आपणहून, वर्षानुवर्षं करतात. तिथल्या सरकारी पाहणीनुसार १९९९ मध्ये घरी शिकणारी मुलं साधारण साडेआठ लाख होती, २००३ मध्ये ती ११ लाखांच्या आसपास गेली आणि २०१६ मध्ये १७ लाखांच्या. ही सगळीच कुटुंबं धार्मिक नाहीत. पण घरशाळेसाठी तयार पुस्तकं, वेळापत्रकं, आईसाठी मार्गदर्शिका असा जो मोठा संसार तिथे उभा राहिला, त्यात ख्रिस्ती कुटुंबांचा वाटा फार मोठा. १९६२ आणि १९६३ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने सरकारी शाळांतली प्रार्थना आणि बायबलवाचन घटनाबाह्य ठरवलं. शाळा आपल्या श्रद्धेपासून दूर चालली, असं अनेक कुटुंबांना वाटू लागलं, आणि पुढच्या दोन दशकांत त्यातल्या काहींनी मुलांना घरीच ठेवलं. १९९३ पर्यंत पन्नासही राज्यांत घरशाळा कायदेशीर झाली.

मला यात रस का? मी वस्तीत संध्याकाळची अभ्यासिका चालवते. बालवाडीपासून आठवीपर्यंतची मुलं एकाच पत्र्याच्या खोलीत बसतात आणि शिकवणारी मी एकटी. एकाला भागाकार समजावते तोवर दुसरी दोघं मारामारीवर येतात. एका माणसानं वेगवेगळ्या वयाच्या मुलांना एकत्र कसं शिकवायचं, याची उत्तरं मी शोधत होते. ती सगळ्यात जास्त सापडली या अमेरिकन आयांच्या पुस्तकांत. धर्म त्यांचा, अडचण मात्र अगदी आपली!

या अभ्यासक्रमांचे ढोबळ मानाने चार प्रकार दिसतात.

पहिला, इयत्तेप्रमाणे पुस्तकांचा. फ्लोरिडातला ‘अबेका’, साउथ कॅरोलिनातला ‘बॉब जोन्स’ हे यातले जुने प्रकाशक. प्रत्येक इयत्तेची, प्रत्येक विषयाची वेगळी पुस्तकं. शाळाच घरी आणली म्हणा ना! सगळं आखून दिलेलं असतं, त्यामुळे नवख्या आईला धीर येतो. पण चार मुलं आणि पाच विषय म्हणजे रोज वीस धडे. दुपारपर्यंत आईचा जीव मेटाकुटीला येतो. याच धर्तीवर १९७० मध्ये टेक्सासमध्ये सुरू झालेल्या ‘एसीई’ने वेगळी वाट काढली. एका विषयाच्या वर्षाला बारा छोट्या पुस्तिका. मूल आपली आपण वाचतं, लिहितं, तपासतं आणि परीक्षा पास झालं की पुढची पुस्तिका घेतं. आईला शिकवावं कमी लागतं, देखरेख जास्त. पण चार भावंडं चार कोपऱ्यांत गप्प बसून रिकाम्या जागा भरताहेत, हे चित्र काही मनाला भावत नाही.

दुसरा प्रकार एका विषयाभोवती सगळं गुंफण्याचा. ‘कोनोस’ हा अभ्यासक्रम दोन आयांनी मिळून लिहिला. त्यात धडे सद्गुणांप्रमाणे आहेत. ‘लक्ष देणं’ हा गुण घेतला, की त्यातून कान कसा ऐकतो, आवाज म्हणजे काय, हे सगळं करून बघायचं. धाकटा डबा वाजवतो, मोठी कानाची प्रतिकृती बनवते, विषय एकच. ‘फाइव्ह इन अ रो’ त्याहून सोपा. एकच चित्रकथा सलग पाच दिवस मोठ्याने वाचायची. चीनमधल्या यांगत्से नदीवरच्या एका बदकाची गोष्ट घेतली, तर एक दिवस भूगोल, एक दिवस भाषा, एक दिवस चित्रकला, एक दिवस गणित, एक दिवस विज्ञान. यात बायबलचा भाग वेगळ्या पुस्तकात आहे, हवा त्याने घ्यावा. लहानांसाठी झकास! मात्र तयारीचा पसारा मोठा. कात्री, पुठ्ठा, डिंक, आणि नंतरची झाडलोट. ती कोण करतं, हे सांगायला नकोच.

तिसरा प्रकार मला सगळ्यात शहाणपणाचा वाटला. यात सगळं घर एका वेळी इतिहासाचा एकच काळ शिकतं. ‘टॅपेस्ट्री ऑफ ग्रेस’मध्ये जगाचा इतिहास चार वर्षांत फिरतो आणि प्रत्येक आठवड्याचं काम चार पातळ्यांवर दिलेलं असतं. आठवडा रोमचा असेल, तर धाकटा रोमची चित्रकथा ऐकतो आणि कॉलेजच्या उंबरठ्यावरची ताई मूळ ग्रंथ वाचते. जेवताना मात्र सगळे रोमबद्दलच बोलतात. ‘माय फादर्स वर्ल्ड’मध्ये साधारण दुसरी-तिसरी ते आठवीच्या मुलांसाठी पाच वर्षांचं चक्र आहे. पहिल्या वर्षी देशोदेशींची ओळख, मग प्राचीन काळापासून आजपर्यंत. बायबल, इतिहास, विज्ञान, कला सगळ्यांना एकत्र. गणित आणि भाषा ज्याची त्याची. धाकटा मध्येच चक्रात शिरला तरी बिघडत नाही, फिरत फिरत सगळं त्याच्या वाट्याला येतं.

चौथा प्रकार गोष्टींच्या पुस्तकांचा. ‘सोनलाइट’ १९९० मध्ये सुरू झाला तो परदेशी राहणाऱ्या मिशनरी कुटुंबांसाठी. खोकंभर पुस्तकं आणि आईसाठी ३६ आठवड्यांचं, रोजचं काय वाचायचं ते सांगणारं वेळापत्रक. वयात दोन-तीन वर्षांचं अंतर असेल तर दोघांना एकत्र घेता येतं, त्याहून जास्त असेल तर ओढाताण होते. ज्यांना विकतचं परवडत नाही त्यांच्यासाठी ‘अ‍ॅम्बलसाइड ऑनलाइन’ हा फुकट अभ्यासक्रम आहे. तो इंग्लंडच्या शार्लट मेसन (१८४२-१९२३) या शिक्षिकेच्या विचारांवर उभा आहे. धडे छोटे, पुस्तकं चांगली, आणि वाचून झालं की मुलाने ते आपल्या शब्दांत सांगायचं. 

गंमत म्हणजे पहिला प्रकार सोडला तर बाकीच्यांचं एका बाबतीत साधारण एकमत आहे. गोष्ट, इतिहास, निसर्ग, चित्रं, गाणी एकत्र. वाचायला शिकणं आणि गणित मात्र प्रत्येकाचं वेगळं. ‘मॅथ-यू-सी’ या गणिताच्या मालिकेत पुस्तकांना इयत्तेचा आकडाच नाही. अल्फा, बीटा, गॅमा अशी नावं. मागे पडलेल्या दहा वर्षांच्या मुलाला ‘दुसरीचं पुस्तक’ हातात धरायची लाज वाटत नाही. केवढी साधी युक्ती!

आता नाण्याची दुसरी बाजू. यातल्या अनेक पुस्तकांत विज्ञान बायबलच्या चौकटीत बसवलेलं असतं. पृथ्वी काही हजार वर्षांची, उत्क्रांती चुकीची, असं मुलं शिकतात. ‘एसीई’च्या एका जुन्या पुस्तकात तर उत्क्रांतीविरुद्धचा पुरावा म्हणून स्कॉटलंडच्या तळ्यातल्या ‘राक्षसा’चा दाखला होता. घरात दुसरं सांगणारं कुणी नसेल तर मुलाने तुलना कशाशी करायची? नियमही राज्याराज्यांत वेगळे. न्यूयॉर्कमध्ये आईला दर तिमाहीला अहवाल द्यावा लागतो. टेक्सासमध्ये साधं कळवावंही लागत नाही. चांगल्या आईला ही मोकळीक वरदान, पण जिथे मुलांचे हाल होतात तिथे बाहेरच्या कुणाचं लक्षच जात नाही. २०१८ मध्ये कॅलिफोर्नियात तेरा भावंडांच्या एका घरात मुलांना उपाशी ठेवल्याचं, काहींना साखळ्यांनी बांधल्याचं उघड झालं. त्या घराची नोंद सरकारदरबारी ‘खासगी शाळा’ अशी होती.

आणि बाईचं काय? ही शाळा चालते ती जवळजवळ नेहमी आईच्या बिनपगारी श्रमांवर. दुसरा आधार असतो थोरल्या मुलीचा. आई एकाला शिकवते तेव्हा तान्हं तिच्या कडेवर. अनेक मार्गदर्शिका हे कौतुकाने सुचवतातसुद्धा. मला ते वाचताना आमच्या अभ्यासिकेतल्या मुली दिसत होत्या. वहीत एक ओळ लिहायची आणि भावाचं शेंबूड पुसायचं. धाकट्याला शिकवताना आपलंही पक्कं होतं, हे खरं. पण त्याला वेळेची मर्यादा हवी. नाहीतर मोठीचं बालपण आणि अभ्यास, दोन्ही धाकट्यांच्या वाट्याला जातं.

आपल्याकडे २००९ चा शिक्षणहक्क कायदा ६ ते १४ वयाच्या मुलांच्या शाळेचा विचार करतो. घरी शिकणाऱ्या मुलांना दहावीसाठी ‘एनआयओएस’ची मुक्त परीक्षा आहे. पण शाळा सोडा असं मी कुणालाच सांगणार नाही. वस्तीतल्या मुलीला तर शाळा म्हणजे घराबाहेरचे पाच तास, तिचे स्वतःचे. आणि एकत्र शिकवण्याची कला आपल्यालाही नवी नाही. कोसबाडच्या टेकडीवर ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी कुरणशाळा चालवली. गुरं राखणारी मुलं शाळेत येत नाहीत, तर शाळाच कुरणात! तिथे कुठे इयत्तांच्या भिंती होत्या?

त्या अमेरिकन आयांकडून घेण्यासारखं आहे ते संध्याकाळच्या एका तासापुरतं. आधी वीस मिनिटं एकच गोष्ट सगळ्यांना मोठ्याने वाचा. मग धाकट्यापासून सुरुवात करून प्रत्येकाने ती आपल्या शब्दांत सांगायची. मोठ्यांनी हवं तर लिहायची. गणिताची वही ज्याची त्याची, आणि तिथे इयत्ता बघू नका, मूल कुठे अडलंय ते बघा. सर्वात लहानाला सगळ्यात आधी जवळ घ्या, म्हणजे नंतर ते त्रास देत नाही. मी अभ्यासिकेत हे सुरू केलं तेव्हापासून निदान आरडाओरडा तरी कमी झाला.

आणि हो, त्या तासातली शेवटची पंधरा मिनिटं थोरल्या मुलीची. धाकट्याला तुम्ही घ्या, नाहीतर त्याच्या बाबांकडे द्या. तिला तिचं पुस्तक घेऊन बसू दे.