सेलरसाहेबांचा चुकलेला हिशेब

न्यू जर्सीतल्या एखाद्या मराठी घरात इमॅन्युएल सेलर हे नाव काढलं, तर बहुतेक जण एकमेकांच्या तोंडाकडे बघतील. ते घर तिथे उभं राहिलं त्यात ब्रुकलीनच्या या वकिलाचा मोठा हात आहे. गंमत अशी, की असं काही होणार नाही, हे त्यांनीच भर सभागृहात छातीठोकपणे सांगितलं होतं.

सेलर यांचा जन्म १८८८ चा. कॉलेजात असतानाच वडील गेले, पाठोपाठ आई. पोराने वाइन विकत विकत १९१२ मध्ये कोलंबियातून वकिली पुरी केली. १९२२ मध्ये ते डेमोक्रॅट म्हणून निवडून आले आणि पुढची पन्नास वर्षं अमेरिकेच्या प्रतिनिधिगृहात राहिले.

त्यांनी जागा घेतली ती मार्च १९२३ मध्ये. त्याच्या जेमतेम पंधरवडा आधी सर्वोच्च न्यायालयाने भगतसिंग थिंद खटल्यात हिंदी माणूस कायद्याच्या अर्थाने 'गोरा' नाही, सबब नागरिकत्वाला अपात्र, असा निकाल दिला होता. पुढच्याच वर्षी १८९० च्या जनगणनेवर बेतलेला कोटा कायदा आला. पूर्व आणि दक्षिण युरोपची वाट त्याने आवळली, आशियाची जवळजवळ बंद केली. नवखे सेलर त्याविरुद्ध उभे राहिले आणि हरले. १९४६ मध्ये सभागृहातल्या सहकारी क्लेअर बूथ लूस यांच्यासह त्यांनी हिंदी लोकांना नागरिकत्वाचा हक्क मिळवून दिला. पण कोटा किती, तर वर्षाला शंभर!

मग आला १९६५ चा हार्ट-सेलर कायदा. राष्ट्रनिहाय जुना कोटा गेला. पूर्व गोलार्धातल्या प्रत्येक देशाला वर्षाला वीस हजारांची सारखी मर्यादा आली आणि नात्यागोत्याला अग्रक्रम मिळाला. आशियाई लोकांचे लोंढे येतील, या धास्तीवर सेलर यांचं उत्तर साधं होतं: त्यांचे नातेवाईक इथे आहेतच किती? विरोधकांना गप्प करायला केलेला हा युक्तिवाद, की खरोखरचा विश्वास? मला वाटतं, दोन्ही. हिशेब कागदावर बरोबरही होता. फक्त तिसऱ्या अग्रक्रमाकडे दुर्लक्ष झालं. व्यावसायिक आणि शास्त्रज्ञांसाठी तिथे दहा टक्के व्हिसा होते. आपले डॉक्टर-इंजिनिअर त्या फटीतून आत शिरले, नागरिक झाले आणि पाचव्या अग्रक्रमातून भावाबहिणींचे अर्ज भरू लागले. नातेवाईक नव्हते, ते असे झाले. १९८१ पर्यंत उत्तर अमेरिकेतल्या महाराष्ट्र मंडळांना एकत्र बांधायला बृहन्महाराष्ट्र मंडळ निघालं. सेलर वारले तेही त्याच वर्षी, जानेवारीत.

प्रतिनिधिगृहाच्या न्याय समितीचे ते दीर्घकाळ अध्यक्ष होते. १९६४ चा नागरी हक्क कायदा तिथूनच पुढे सरकला. पण त्यात नोकरीतल्या लिंगभेदाला बंदी घालायची दुरुस्ती आली, तेव्हा हेच गृहस्थ विरोधात उभे राहिले. आमच्या घरात शेवटचा शब्द माझाच असतो, आणि तो म्हणजे 'हो, बाईसाहेब', अशा अर्थाचा विनोद करून त्यांनी सभागृह हसवलं. स्त्रियांच्या समान हक्कांची घटनादुरुस्ती तर त्यांनी वर्षानुवर्षं समितीत दाबून ठेवली. १९७० मध्ये सभागृहाच्या सदस्य मार्था ग्रिफिथ्स यांनी सदस्यांच्या सह्या गोळा करून ती बाहेर काढली.

१९७२ च्या पक्षांतर्गत निवडणुकीत एलिझाबेथ होल्ट्झमन ही तीस वर्षांची वकील त्यांच्याविरुद्ध उभी राहिली. चौऱ्याऐंशीच्या सेलर यांनी तिला खिजगणतीतही धरलं नाही. ती काहीशे मतांनी जिंकली. दोन वर्षांनी निक्सन यांच्यावरच्या महाभियोगाचं काम त्याच न्याय समितीपुढे चाललं, तेव्हा होल्ट्झमन तिच्या सदस्य होत्या.