लावण्येला कुणी विचारलं?

कार्तिकी पौर्णिमा जवळ आली की बीड जिल्ह्यातल्या कपिलधारकडे दिंड्या निघतात. मांजरसुंब्याजवळच्या या दरीत पावसाळ्यात धबधबा कोसळतो आणि त्याच दरीत मन्मथस्वामींची समाधी आहे. कपाळाला भस्म, गळ्यात इष्टलिंग, हातात टाळ आणि कुणाकुणाच्या पिशवीत ‘परमरहस्य’ची पोथी. मराठवाड्यातल्या गावांबरोबर कर्नाटक-तेलंगणातूनही माणसं येतात. लिंगायत विचार मराठी ओवीत आणणारे मन्मथस्वामी इथल्या घराघरांत ‘माउली’ आहेत. पण ज्या परंपरेचे ते संत, तिचं उगमस्थान इथून आग्नेयेला, आजच्या बिदर जिल्ह्यातल्या बसवकल्याणात. सीमारेषा आजची आहे. १९५६ पर्यंत बीड आणि बिदर एकाच हैदराबाद राज्यात होते, आणि उदगीर, निलंगा, अहमदपूर हे तालुके तर बिदर जिल्ह्यातच मोडत होते.

त्या कल्याणात बाराव्या शतकात एक लग्न लागलं आणि त्यापायी राज्य हादरलं, असं परंपरा सांगते. मुलगी ब्राह्मणाघरची, मुलगा चांभाराघरचा. मुलीचे वडील मधुवरस हे बिज्जल राजाच्या दरबारातले वजनदार गृहस्थ, मुलाचे वडील हरळय्या चपला शिवणारे. दोघेही बसवेश्वरांचे शरण, म्हणजे अनुयायी, झालेले. एकदा लिंगदीक्षा घेतली की मागची जात उरली नाही, हा शरणांचा सिद्धांत. मग सोयरीक करायला अडचण कसली? लग्न झालं. सनातन्यांनी राजाचे कान भरले. दोन्ही बापांचे डोळे काढून, त्यांना हत्तीच्या पायाला बांधून फरफटत नेण्यात आलं. त्यानंतर कल्याणात रक्तपात झाला, बिज्जलाचा खून झाला आणि शरण दाही दिशांना पांगले. हा काळ ११६७-६८च्या आसपासचा.

मुलीचं नाव लावण्या, मुलाचं शीलवंत. त्या दोघांना या सगळ्याविषयी काय वाटत होतं, हे मात्र कुठेच नाही.

कीर्तनात हरळय्यांची गोष्ट रंगते. बसवेश्वरांनी एका नमस्काराला दोन नमस्कारांनी उत्तर दिलं, त्या उपकाराच्या ओझ्याखाली हरळय्या आणि त्यांच्या पत्नीने स्वतःच्या मांडीचं कातडं काढून त्यांच्यासाठी चपला केल्या. ऐकणाऱ्यांचे डोळे पाणावतात. मधुवरसांचा त्याग सांगितला जातो. बाप हुतात्मे ठरले. लेक कथेत फक्त बोहल्यापुरती येते. गंमत अशी की जुन्या आधारांत हे लग्नही धूसरच आहे. तेराव्या शतकातल्या पाल्कुरिकी सोमनाथांच्या तेलुगू ‘बसवपुराणा’त या दोन शरणांचे डोळे काढल्याची कथा येते, लग्नाचा प्रसंग मात्र पुढच्या काळातल्या पुराणांत रंगत गेला. म्हणजे डोळे आधी गेले आणि त्याचं कारण मागाहून सापडलं, असंही एखादा खवचट इतिहासकार म्हणू शकेल.

ऐतिहासिक कथा-नाटकं लिहिणाऱ्यांना अशा मोकळ्या जागा हव्याच असतात. ताम्रपट, शिलालेख, बखरी, फर्मानं यांतून मुलगी कुणाची, कुणाला दिली आणि बदल्यात काय मिळालं हे कळतं. तिला काय हवं होतं, हा रकानाच त्या कागदांत नाही. तो लेखक भरतो. एकीकडे बापाचा शब्द आणि घराची अब्रू, दुसरीकडे आवडलेला माणूस, अशा कात्रीत तिला उभी केली की नाट्य आपोआप उभं राहतं. प्रश्न एवढाच, की त्यात मुलगी किती आणि लेखकाचा स्वतःचा काळ किती.

कल्याणच्या लग्नावर कन्नडमध्ये किमान दोन मोठी नाटकं झाली आणि दोन्हींतल्या मुली एकमेकींना ओळखणार नाहीत इतक्या वेगळ्या आहेत. पी. लंकेश यांचं ‘संक्रांती’ १९७१चं. त्यात उषा ही ब्राह्मणाची मुलगी आणि रुद्र हा अस्पृश्य तरुण. त्यांचं प्रेम आधीपासूनचं आहे, धर्मसुधारणा मागून येते. रुद्र शरण होतो, त्याची भाषा शुद्ध होते, वागणं सभ्य होतं, आणि तिथेच उषेचं बिनसतं. तिला आवडला होता तो आधीचा रांगडा रुद्र. हा सुधारलेला, मोजून-मापून बोलणारा माणूस तिला परका वाटतो. जात मोडायला निघालेल्या चळवळीनं प्रियकरच बदलून टाकला, तर मुलीनं कुणावर रागवायचं? लंकेश लोहियावादी वळणाचे, साठ-सत्तरच्या दशकातल्या बंडखोर पिढीचे. त्यांची उषा त्याच काळाची मुलगी आहे. तिला बाराव्या शतकातली म्हणून स्वीकारणं जरा जड जातं, पण नाटक पेटतं ते तिच्याचमुळे.

गिरीश कार्नाडांनी ‘तलेदंड’ लिहिलं १९८९मध्ये. मंडल आणि मंदिर हे दोन्ही वाद देशात तापू लागले होते आणि त्याच धगीतून आपण हे नाटक लिहिलं, असं त्यांनी स्वतःच सांगितलं आहे. पुढे १९९४मध्ये याच नाटकाला साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. माथेरानला जन्मलेले, मराठी रंगभूमीशी आयुष्यभर नातं राखलेले कार्नाड इथे एक अवघड गोष्ट करतात. ते प्रेमच काढून टाकतात. त्यांच्या नाटकात मुलगी कलावती, मुलगा शीलवंत. ती अजून लहान पोर आहे. तिचा जीव कुणावर जडलेला नाही, बापाविरुद्ध तिची तक्रार नाही. लग्न ठरवलंय दोन बापांनी, श्रद्धेच्या भरात. कात्रीत सापडते ती मुलीची आई. आपली पोर उद्या कातडं कमावणाऱ्यांच्या घरात नांदायला जाणार, तिथला वास, तिथलं काम तिला कसं झेपणार, ही तिची काळजी. तत्त्व मान्य आहे, पण पोर आपली आहे. बसवेश्वरांनाही बातमी ऐकून आनंदाआधी धास्तीच वाटते, कारण पुढे काय वाढून ठेवलंय हे त्यांना दिसत असतं.

या विषयावरच्या लेखनात कार्नाडांचा हा निर्णय सर्वांत धाडसी म्हणायला हवा. प्रेमविवाह दाखवला असता तर प्रेक्षक लगेच जोडप्याच्या बाजूनं उभे राहिले असते, कलेक्शनही बरं झालं असतं. कार्नाड प्रेक्षकाला ती सोय देत नाहीत. जात मोडणारा बापसुद्धा मुलीला न विचारताच मोडतो, हे ते दाखवतात, तेही त्या बापाविषयीचा आदर ढळू न देता. हेच नाटक इब्राहिम अल्काझींनी ‘रक्तकल्याण’ या नावानं हिंदीत बसवलं तेव्हा दिल्लीकरांना त्यातलं राजकारण जास्त भिडलं. मराठवाड्यातल्या माणसाला मात्र तो आईचा प्रसंग आपल्या ओसरीवरचा वाटेल.

शरणांच्याच परंपरेत अशीही एक लेक आहे जिचा आवाज थेट आपल्यापर्यंत पोहोचला आहे. अक्कमहादेवी. तिची वचनं आहेत, आणि त्यांत कुणाला वरलं हे ती स्वच्छ सांगते. तिचा पती म्हणजे चेन्नमल्लिकार्जुन, श्रीशैलचा शिव. पण उडुतडीच्या कौशिक राजानं तिला मागणी घातली तेव्हा काय झालं? इथे तिचे चरित्रकारच एकमेकांशी भांडतात. तिच्यानंतर फार उशिरा न झालेला हरिहर कवी आपल्या रगळेत म्हणतो की राजाची माणसं आईबापांच्या जिवावर उठली, आईबाप गयावया करू लागले, म्हणून तिनं अटी घालून लग्न मान्य केलं. आपल्या पूजेत आडवं यायचं नाही, शरणांच्या संगतीत राहू द्यायचं, अशा त्या अटी. राजानं त्या मोडल्या आणि ती सगळं टाकून बाहेर पडली. पंधराव्या शतकातला चामरस ‘प्रभुलिंगलीले’त लग्न होऊच देत नाही. त्याच्या काळापर्यंत अक्का पूजनीय झाली होती, आणि पूजनीय बाईचं लग्न एका राजाशी, तेही धाकानं झालेलं, त्याला पचलं नसावं. हरिहराची अक्का जास्त माणसासारखी वाटते. आईबापांसाठी वाकलेली आणि शब्द मोडल्यावर ताठ उभी राहिलेली.

कपिलधारहून उत्तरेला, देवगिरीच्या वाटेवर, आणखी एक लेक आहे. देवलदेवी. गुजरातचा राजा कर्ण वाघेला याची मुलगी. १२९९मध्ये अलाउद्दीन खिलजीच्या फौजांनी गुजरात लुटलं, तिची आई कमलादेवी दिल्लीच्या जनानखान्यात गेली आणि बाप बागलाणात आश्रयाला आला. देवगिरीच्या रामदेवराव यादवाच्या मुलाची, शंकरदेवाची, तिला मागणी होती. मराठ्यांकडे मुलगी द्यायला कर्णाला कमीपणा वाटत होता, असं फिरिश्ता लिहितो. पुढे गळ्याशी आलं तेव्हा तो तयार झाला. मुलगी देवगिरीकडे निघाली आणि वेरूळच्या लेण्यांजवळ खिलजीच्या शिपायांच्या हाती पडली. दिल्लीत तिचं लग्न झालं सुलतानाचा मुलगा खिज्रखान याच्याशी.

आईनं दिल्लीला बोलावलं, बापानं बागलाणात अडवलं, नवरदेव देवगिरीत वाट पाहत राहिला. एका कोवळ्या पोरीभोवती एवढी ओढाताण, आणि प्रत्येक लेखकाला तिच्यात वेगळं माणूस दिसलं. अमीर खुस्रोनं समकालीन म्हणून फारसी मसनवी लिहिली, तीत ती खिज्रखानावर जीव टाकणारी प्रेयसी आहे. आश्रयदात्याच्या घरातली सून रडत होती असं तो लिहिणार तरी कसा? नंदशंकर मेहतांनी १८६६मध्ये ‘करण घेलो’ ही गुजरातीतली पहिली कादंबरी लिहिली, तिचं लक्ष बापाच्या ऱ्हासावर. सावरकरांनी ‘सहा सोनेरी पाने’मध्ये तिला खिलजींचा सरदार खुस्रोखान याच्या साथीनं दिल्लीच्या तख्तावर सूड उगवणारी केलं. प्रेयसी, बळी आणि क्रांतिकारक, तिघी एकच देवलदेवी. कन्हैयालाल मुन्शींसारख्या अभ्यासकांनी तर ही सगळी कथाच संशयास्पद ठरवली. वेरूळच्या लेण्यांत फिरणाऱ्या पर्यटकाला गाइड कैलास लेणं दाखवतो, हिची गोष्ट क्वचितच सांगतो. सांगायची तरी कोणती?

औरंगजेबाची थोरली मुलगी झेबुन्निसा १६३८मध्ये दौलताबादेत जन्मली, म्हणजे मराठवाड्याचीच माहेरवाशीण म्हणायची. तिच्या बाबतीत खरी कात्री कागदोपत्री नोंदलेली आहे. १६८१मध्ये धाकट्या भावानं, शहजादा अकबरानं, बापाविरुद्ध बंड केलं. तो पुढे दक्षिणेत संभाजीराजांच्या आश्रयाला आला. झेबुन्निसेची त्याला लिहिलेली पत्रं बादशहाच्या हाती लागली. तिची वर्षाची चार लाखांची नेमणूक बंद झाली, मालमत्ता जप्त झाली आणि दिल्लीच्या सलीमगडात तिला कैदेत टाकलं. १७०२मध्ये ती गेली, तोवर सुटका नाही. बाप की पाठचा भाऊ, यातून तिनं निवड केली आणि किंमत मोजली. यापेक्षा मोठं नाट्य लेखकाला कुठे मिळणार?

पण कथाकारांना ते पुरेना. त्यांनी तिला प्रियकर शोधून दिला. आकिलखान तिला भेटायला आला, बादशहाची चाहूल लागताच हंड्यात लपला आणि उकळत्या पाण्यात निमूट मेला, अशी कहाणी चवीनं सांगितली गेली. काहींनी तर थेट शिवाजी महाराजांवरच तिचं मन बसवलं. आग्र्याच्या दरबारात जाळीआडून पाहिलं म्हणे. जदुनाथ सरकारांनी दोन्ही कथा आधार तपासून खोडून काढल्या. भावावरची माया ही कादंबरीच्या मुखपृष्ठावर शोभत नाही, हीच काय ती तिची अडचण.

अशा कल्पनांचा फटका कधी कधी मुलीइतकाच दुसऱ्यालाही बसतो. पन्हाळ्याशी जोडलेली थोरातांच्या कमळेची दंतकथा घ्या. घराण्याची मुलगी, युवराज संभाजीराजांवर प्रेम, मधे आडवी आलेली घरची प्रतिष्ठा, शेवट करुण. तिच्या जोडीला गोदावरी आली, नाटकांतून तुळसा आली. प्रत्येक कथेत मुलीला न्याय देण्याचा आव होता, पण बदनाम झाले ते संभाजीराजे. वा. सी. बेंद्रे यांनी आयुष्यातली कितीतरी वर्षं दफ्तरं धुंडाळण्यात घालवली आणि १९६०मध्ये संभाजीराजांचं चरित्र प्रसिद्ध केलं. त्यात या प्रेमकथांना आधार नसल्याचं कागदांनिशी दाखवलं. पाठोपाठ कमल गोखले यांचा अभ्यास आला. अभ्यासकांपुरता हा विषय तिथेच मिटला.

बाहेर मात्र नाही. भालजी पेंढारकरांनी १९४१मध्ये ‘थोरातांची कमळा’ पडद्यावर आणला होता, चंद्रकांत आणि सुमती गुप्ते यांना घेऊन. बेंद्र्यांचा ग्रंथ बाजारात आल्याला जेमतेम तीन वर्षं होत होती, तोच १९६३मध्ये त्याच नावाचा दुसरा चित्रपट थिएटरात लागला.