वाट करून देणारा गडी : मार्सेडिस लुईस

अमेरिकेत ज्याला फुटबॉल म्हणतात तो आपला फुटबॉल नव्हे. आपल्या मैदानावर पोरे गोल चेंडू पायाने खेळतात. तिकडचा चेंडू लांबोळा, दोन्ही टोकांना निमुळता असतो आणि तो हाताने फेकतात किंवा छातीशी धरून पळतात. दोन्ही बाजूंना अकरा अकरा गडी. चेंडू ज्यांच्याकडे असेल त्यांनी चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचे. जमले तर पुन्हा चार प्रयत्न मिळतात, नाही तर चेंडू दुसऱ्या बाजूकडे जातो. चेंडू घेऊन शेवटच्या रेषेपलीकडे पोहोचले की टचडाउन. मग टाळ्या, नाच आणि दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात फोटो.

हा लेख मात्र फोटोतल्या माणसाविषयी नाही. फोटो ज्याच्यामुळे निघतो त्या माणसाविषयी आहे. त्याचे नाव मार्सेडिस लुईस. वाचकांपैकी बहुतेकांनी हे नाव ऐकलेले नसेल. अमेरिकेतही, खेळ मनापासून पाहणारे सोडले, तर अनेकांना ते ठाऊक नसते. आपल्या कष्टकरी घरांनी तरीही त्याची कहाणी एकदा वाचावी असे वाटते.

कडेला उभा असलेला माणूस

चेंडू खेळात येतो तेव्हा मध्यभागी पाच धिप्पाड गडी एका ओळीत वाकून उभे असतात. समोरच्यांना रोखणे एवढेच त्यांचे काम. या ओळीच्या अगदी कडेला, खांद्याला खांदा लावून जो उभा राहतो त्याला ‘टाइट एंड’ म्हणतात. या माणसाला दोन कामे असतात. पुढे पळत जाऊन फेकलेला चेंडू झेलणे हे एक, आणि समोरच्याला अडवून आपल्या पळणाऱ्या गड्याला वाट करून देणे हे दुसरे. अडवण्याच्या या कामाला ‘ब्लॉक’ म्हणतात. काही टाइट एंड झेलण्यात नाव काढतात. काही मात्र मुख्यतः ब्लॉक करणारे म्हणून ओळखले जातात. लुईस या दुसऱ्या जातकुळीचा.

ब्लॉक करणे म्हणजे नुसती दांडगाई नव्हे. समोर सव्वाशे किलोचा माणूस धावून येत असतो. त्याच्यापेक्षा खाली वाकावे लागते, दोन्ही हात त्याच्या छातीवर आतल्या बाजूने टेकवावे लागतात, आणि बारीक पावले टाकत त्याला मागे किंवा बाजूला रेटावे लागते. त्याचा सदरा बाहेरून धरून ओढला, तर पंच दहा यार्डांचा दंड करतात. हे सगळे तीन-चार सेकंदांत घडते. त्या फटीतून पळणारा निघून जातो आणि सगळ्यांचे डोळे त्याच्यामागे जातात. वाट करून देणारा तिथेच मातीत पडलेला असतो. उठून तो पुन्हा ओळीत येऊन उभा राहतो.

गाडी वेळेवर पोहोचते तेव्हा तिच्यातले प्रवासी मोटरमनला पाहतात. रुळांखालची खडी ठोकणारा गँगमन कुणाला दिसत नाही. आपल्यातल्या कितीतरी घरांत हे काम पिढ्यान्‌पिढ्या झाले आहे, त्यामुळे ही गोष्ट अधिक सांगायला नको.

दोन सोबती

लुईसचा जन्म १९ मे १९८४ चा. तो वाढला कॅलिफोर्नियातील लाँग बीच या बंदराच्या शहरात, आणि शिकला तिथल्याच सरकारी शाळेत. उंची साडेसहा फूट, वजन सुमारे १२० किलो. शाळेनंतर तो लॉस एंजेलिसच्या यूसीएलए विद्यापीठात गेला. २००५ मध्ये विद्यापीठांतील सर्वोत्तम टाइट एंडला दिले जाणारे जॉन मॅकी पारितोषिक त्याला मिळाले. हे जॉन मॅकी कोण, ते पुढे येईलच.

२००६ मध्ये फ्लोरिडा राज्यातील जॅक्सनव्हिल जॅग्वार्स या व्यावसायिक संघाने त्याला पहिल्या फेरीत, २८ व्या क्रमांकावर निवडले. दुसऱ्या फेरीत त्याच संघाने त्याच विद्यापीठातला आणखी एक मुलगा घेतला. तो म्हणजे मॉरिस जोन्स-ड्रू, जेमतेम पाच फूट सात इंच उंचीचा, पण चेंडू घेऊन पळण्यात विजेसारखा. एक उंच आणि एक ठेंगणा, असे एकाच विद्यापीठातले दोन सोबती एकाच वर्षी एकाच संघात आले.

२०१० चा हंगाम लुईससाठी सुगीचा ठरला. त्याने ५८ चेंडू झेलले, ७०० यार्ड मिळवले, १० टचडाउन केले, आणि निवडक खेळाडूंच्या ‘प्रो बोल’ सामन्यात त्याची निवड झाली. पुढच्या वर्षी, २०११ मध्ये, जोन्स-ड्रू १,६०६ यार्ड पळाला आणि संपूर्ण लीगमध्ये पहिला आला. त्या वर्षी लुईसच्या नावावर किती टचडाउन? शून्य. आकड्यांचा कागद हाती घेणारा म्हणेल, हा गडी संपला. पण ते १,६०६ यार्ड एकट्या पायांवर पळता येत नाहीत. ज्यांनी वाट करून दिली त्यांत लुईस होता, आणि वाट करून देण्याचा रकाना त्या कागदावर नसतो.

२०१७ मध्ये जॅक्सनव्हिलचा संघ पळून यार्ड मिळवण्यात लीगमध्ये पहिला होता आणि अंतिम सामन्याच्या उंबरठ्यापर्यंत गेला. त्याच हंगामात, २४ सप्टेंबरला लंडनच्या वेम्बली मैदानावर लुईसने एकाच सामन्यात तीन टचडाउन केले. सामना सुरू होण्यापूर्वी, राष्ट्रगीताच्या वेळी, दोन्ही संघांतील अनेक खेळाडूंनी गुडघा टेकला होता. कृष्णवर्णीयांवरील पोलिसी अत्याचाराविरुद्ध कॉलिन केपरनिक या खेळाडूने २०१६ मध्ये सुरू केलेली ती निषेधाची रीत होती.

दार कुणी उघडले ?

लुईस कृष्णवर्णीय आहे. आज या लीगमधील बहुसंख्य खेळाडू कृष्णवर्णीय आहेत. पण १९३४ ते १९४५ अशी बारा वर्षे या लीगमध्ये एकही कृष्णवर्णीय खेळाडू नव्हता. लिहिलेला कायदा कुठेच नव्हता, पण दार बंद होते. अशी दारे कशी असतात हे आपल्याला कुणी समजावून सांगण्याची गरज नाही.

हे दार उघडले १९४६ मध्ये. रॅम्स नावाचा संघ क्लीव्हलँड सोडून लॉस एंजेलिसला येत होता. त्याला तिथले कोलिझियम मैदान हवे होते, आणि ते मैदान जनतेच्या पैशाने उभे होते. मैदान कुणाला द्यायचे हे ठरवणाऱ्या समितीच्या बैठकीत हॅली हार्डिंग हा पत्रकार उभा राहिला. तो कृष्णवर्णीय समाजाच्या वर्तमानपत्रात लिहीत असे. जनतेच्या मैदानात भेदभाव करणारा संघ कसा खेळेल, असा सरळ प्रश्न त्याने विचारला. रॅम्सला नमते घ्यावे लागले. केनी वॉशिंग्टन आणि वुडी स्ट्रोड या दोघांना संघात घेतले गेले. दोघेही यूसीएलएचे, म्हणजे पुढे लुईस ज्या विद्यापीठात शिकला तिथलेच. एका लहान समाजाचे लहान वर्तमानपत्र काय करू शकते, याचे हे उदाहरण आहे.

त्याच १९४६ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी अमेरिकेतील कृष्णवर्णीयांचे विचारवंत नेते डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांना पत्र लिहिले होते. अस्पृश्यांची स्थिती आणि अमेरिकेतील निग्रोंची स्थिती यांत फार साम्य आहे असे कळवून, संयुक्त राष्ट्रांकडे निग्रोंनी केलेल्या अर्जाची प्रत त्यांनी मागितली होती. ड्यू बॉइस यांनी उत्तरही पाठवले. तेव्हा ही कहाणी आपल्याला अगदीच परकी नाही.

८८ नंबरचा सदरा

आता जॉन मॅकी. तेही टाइट एंड, तेही कृष्णवर्णीय, एका धर्मोपदेशकाचे चिरंजीव. १९६३ मध्ये ते बाल्टिमोर कोल्ट्स संघात आले. त्यांच्या सदऱ्यावर ८८ हा आकडा होता.

त्या काळी खेळाडूचा करार संपला तरी तो खऱ्या अर्थाने मोकळा होत नसे. दुसऱ्या संघाने त्याला घेतले, तर जुन्या संघाला भरपाई द्यावी लागे, आणि ती किती हे लीगचा आयुक्त ठरवी. त्यामुळे दुसरा संघ हातच लावत नसे. जन्मभर एकाच मालकाच्या दारी बांधून ठेवणारी ही पद्धत. १९७० मध्ये मॅकी खेळाडूंच्या एकत्रित संघटनेचे अध्यक्ष झाले आणि त्याच वर्षी खेळाडूंनी संप केला. १९७२ मध्ये ते आणि इतर खेळाडू या भरपाईच्या नियमाविरुद्ध न्यायालयात गेले. १९७६ मध्ये वरच्या न्यायालयाने तो नियम बेकायदा ठरवला. तडजोडी आणि नवे खटले यांत आणखी वर्षे गेली. खेळाडूंना खरी मोकळीक १९९३ मध्ये मिळाली. तोपर्यंत मॅकींना मैदान सोडून वीस वर्षे झाली होती. फळ त्यांच्या पदरात पडले नाही, मागून येणाऱ्यांच्या पडले. मैदानावर केले तेच त्यांनी न्यायालयात केले. पुढच्याला वाट करून दिली.

किंमतही त्यांनीच मोजली. खेळाच्या मानाच्या दालनात त्यांचे नाव १९९२ मध्ये लागले. संघटनेच्या कामामुळेच त्यांना इतकी वर्षे डावलले गेले, असे अनेकांचे मत होते. उतारवयात त्यांना स्मृतिभ्रंश झाला. निवृत्तिवेतन महिन्याला अडीच हजार डॉलरहूनही कमी, आणि शुश्रूषेचा खर्च त्याच्या कितीतरी पट. त्यांच्या पत्नी सिल्व्हिया यांनी उतारवयात विमानात सेविकेची नोकरी धरली. २००६ मध्ये त्यांनी लीगच्या आयुक्तांना पत्र लिहून आपली व्यथा मांडली. त्यातून स्मृतिभ्रंश झालेल्या माजी खेळाडूंच्या शुश्रूषेसाठी वर्षाला ८८ हजार डॉलरपर्यंत मदत देणारी योजना आली. मॅकींच्या सदऱ्यावरून तिचे नाव ‘८८ योजना’ असे ठेवले गेले. ६ जुलै २०११ रोजी मॅकी गेले. डोक्याला वारंवार बसणाऱ्या धक्क्यांनी होणारा मेंदूचा विकार त्यांना होता, हे नंतरच्या तपासणीत दिसले. या खेळाची ही काळी बाजू झाकून ठेवून कुणाचे कौतुक करू नये.

चाळिशीतही ओळीत

जॅक्सनव्हिलने बारा हंगामांनंतर, २०१८ मध्ये लुईसला सोडले. तेव्हा तो ३३ वर्षांचा होता. खेळाडूंची संघटना सांगते की सरासरी खेळाडू या लीगमध्ये साडेतीन वर्षेही टिकत नाही. पण ग्रीन बे पॅकर्सने त्याला घेतले. ग्रीन बे हे लहानसे गाव. तिथला संघ कुणा एका धनिकाचा नाही, पाच लाखांहून अधिक भागधारकांचा आहे, आणि त्या भागांवर एक पैचाही लाभांश मिळत नाही.

तिथल्या पहिल्या हंगामात लुईसने अवघे तीन चेंडू झेलले. तरी संघाने त्याला पुन्हा पुन्हा ठेवून घेतले, कारण त्याला झेलण्यासाठी आणलेच नव्हते. २०१९, २०२० आणि २०२१ या तिन्ही हंगामांत ग्रीन बेने तेरा तेरा सामने जिंकले. त्या संघाचा चेंडूफेक्या ॲरन रॉजर्स २०२० आणि २०२१ मध्ये लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. सोबती लुईसला ‘बिग डॉग’ म्हणत. आपल्याकडे कुणाला कुत्रा म्हटले तर हमरीतुमरी होईल, पण तिकडे हे मोठेपणाचे नाव आहे.

२०२३ मध्ये, ग्रीन बेशी केलेला करार संपल्यावर, तो शिकागो बेअर्सकडे गेला. शिकागोला त्यासाठी ग्रीन बेला काही भरपाई द्यावी लागली नाही. मॅकींच्या लढ्याचा अर्थ या एका गोष्टीत दिसतो. तो लुईसचा अठरावा हंगाम होता. टाइट एंडच्या जागेवर इतके हंगाम त्याआधी कुणी खेळले नव्हते. जेसन विटनचा १७ हंगामांचा विक्रम त्याने मागे टाकला. २०२४ मध्ये, वयाची चाळिशी पूर्ण करूनही, तो त्याच ओळीच्या कडेला उभा होता.

आपल्या घरातली वाट

दहावी-बारावीचे निकाल लागले की अशा साप्ताहिकांत गुणवंतांचे फोटो येतात. यायलाच हवेत. पण त्या फोटोमागे एखादी थोरली बहीण असते, जिने धुण्याभांड्याची कामे धरून धाकट्याची फी भरली. एखादा भाऊ असतो, ज्याने सातवीत शाळा सोडून बिगारी काम केले. पहाटे चारला उठून डबा करणारी आई असते. त्यांचे नाव कोणत्याच रकान्यात येत नाही. फोटो देताना एक ओळ त्यांचीही द्यायला काय हरकत आहे ?

बाबासाहेब परदेशात शिकत होते तेव्हा रमाईंनी इकडे हालअपेष्टांत संसार चालवला. पुढे बाबासाहेबांनी ‘थॉट्स ऑन पाकिस्तान’ हा ग्रंथ रमाईंच्या स्मृतीला अर्पण केला. आपल्याला वाट करून देणाऱ्या माणसाचे नाव त्यांनी पहिल्या पानावर घातले.

या रविवारी विहारातून घरी आल्यावर मुलांना ही गोष्ट सांगावी. मग त्यांनाच विचारावे, आपल्या घरात वाट करून देणारे कोण कोण आहे ? उत्तर द्यायला ती बहुधा स्वयंपाकघराकडे बघतील.