काच माझी, जखम तिची

शनिवारी रात्री घरी सगळी गँग जमली होती. धमाल चालू असताना एक ग्लास फुटला. मी तुकडे गोळा केले, पिशवीत कोंबले आणि रविवारी सकाळी कचऱ्याबरोबर दिले. विषय संपला!

सोमवारी बेल वाजली. कचरा न्यायला येणाऱ्या ताई दारात उभ्या. तळहाताला फडकं गुंडाळलेलं. ‘‘मॅडम, काच वेगळी देत जा हां,’’ एवढंच म्हणाल्या. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. चार वर्षं त्या रोज येतात आणि मला त्यांचं नावही माहीत नव्हतं. विचारलं तर हसल्या. ‘‘सगळे कचरेवालीच म्हणतात की!’’

मग एक सकाळ त्यांच्यासोबत फिरले. सहा मजले, बादल्या घेऊन, जिन्यानं. का, तर लिफ्टला वास येतो म्हणे! खाली पार्किंगच्या कोपऱ्यात बसून त्या सगळं निवडतात. भाजीची देठं, शाम्पूच्या बाटल्या आणि उघडेच फेकलेले डायपर.

आपल्या पुण्यात १९९३ मध्ये कचरावेचकांनी एकत्र येऊन ‘कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत’ उभी केली. त्यातूनच ‘स्वच्छ’ ही त्यांची स्वतःची सहकारी संस्था आली आणि २००८ मध्ये महापालिकेशी करार झाला. आमच्या ताई तिच्या सभासद. म्हणजे त्या कुणाच्या नोकर नाहीत. पण महिन्याचा ठरलेला पगारही नाही. घरटी मिळणारं शुल्क आणि सुका कचरा विकून येणारे पैसे, यावर घर चालतं. आपण ओलं-सुकं एकत्र केलं, की कागद भिजतो, भाव पडतो. आपला आळस थेट त्यांच्या खिशाला लागतो, बॉस!

आणि कचरा वेगळा करून देणं हे काही उपकार नाहीत. २०१६ च्या घनकचरा नियमांनी ती जबाबदारी आपल्यावरच टाकली. सॅनिटरी नॅपकिन, डायपर नीट गुंडाळून द्यायचे, हेही त्यात होतं.

सो, फंडा सिंपल आहे. काच जाड कागदात गुंडाळा, वर ठळक ‘काच’ लिहा. नॅपकिन गुंडाळून त्यावर लाल ठिपका काढा. शुल्क वेळेवर द्या. आणि सोसायटीच्या पुढच्या मीटिंगमध्ये लिफ्टचा विषय काढा. मी काढलाय. वाद झाला, अजून चालूच आहे.

ताईंना मात्र आता मी नावानं हाक मारते. कचरेवाली त्या कशा? कचरा तर माझा आहे!