विश्लेषण : तुकारामांना पडद्यावर बोलके करणारे शिवराम वाशीकर कोण?

‘प्रभात’चे नाव निघाले की व्ही. शांताराम आणि दामले-फत्तेलाल आठवतात. ‘संत तुकाराम’ म्हटले की विष्णुपंत पागनीस. पण पागनीसांच्या तोंडचे संवाद लिहिणारे शिवराम वाशीकर फारसे कुणाला माहीत नाहीत.

त्यांनी काय लिहिले?

‘संत तुकाराम’ (१९३६), ‘संत ज्ञानेश्वर’ (१९४०) आणि पेशवाईवरील ‘रामशास्त्री’ (१९४४) या ‘प्रभात’च्या तिन्ही चित्रपटांचे लेखन वाशीकरांचे. ‘संत तुकाराम’ मुंबईत वर्षाहून अधिक काळ चालला. १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला.

लेखनाचे वैशिष्ट्य काय?

‘संत तुकाराम’मध्ये चमत्कार आहेत, तसा संसारही आहे. तुकाराम अभंगात रमलेले असताना जिजाईला पोरांच्या भुकेची काळजी आहे. मूल आजारी पडते, तेव्हा ती थेट विठोबावर वहाण उगारते. या रांगड्या बोलण्यामुळे प्रेक्षकांना संतचरित्र आपल्याच घरातले वाटले.

‘रामशास्त्री’त इतिहास किती?

३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला. न्यायाधीश रामशास्त्री प्रभुणे यांनी रघुनाथरावांना दोषी ठरवले. घटना इतिहासातली, पण पडद्यावर ऐकू येणारी वाक्ये पटकथाकाराची. ‘ध’चा ‘मा’ झाल्याची प्रसिद्ध कथाही अभ्यासक निर्विवाद मानत नाहीत.

हा फरक का महत्त्वाचा?

अनेकांना इतिहास पुस्तकाआधी पडद्यावर भेटतो. मग लेखकाचे शब्द त्या व्यक्तीचेच वाटू लागतात. ‘संत तुकाराम’साठी शांताराम आठवले यांनी रचलेले एक गीत आजही अनेक जण तुकारामांचाच अभंग समजून गातात. गीतकाराच्या कौशल्याला ही मोठीच दाद. मात्र त्यात त्याचे नाव हरवते आणि गाथेत नसलेले शब्द तुकारामांच्या नावावर जमा होतात. आजच्या ऐतिहासिक मालिकांतील टाळ्यांच्या संवादांनाही हेच लागू पडते.

नाव कुठे सापडेल?

चित्रपटातला साळोमालो तुकारामांचे अभंग स्वतःच्या नावावर खपवतो. वाशीकरांचे शब्द कुणी चोरले नाहीत. ते त्यांच्या पात्रांचेच होऊन गेले. जुना चित्रपट मोबाइलवर पाहताना सुरुवातीची श्रेयनामावली आपण सहज पुढे सरकवतो. लेखकाचे नाव तिथेच असते.